तुफानबाईशी कुस्ती

आमच्या घरी दूध आलं की आबा आधी त्यात बोट बुडवून बघत. नखावरचा थेंब किती वेळ टिकतो त्यावरून पाणी किती घातलंय ते कळतं, असं त्यांचं म्हणणं. गवळी बिचारा दारात हात जोडून उभा राहायचा आणि म्हणायचा, "हौलदारसाहब, गऊमाता की कसम." त्यावर आबा म्हणायचे, "शपथ घेऊन राहिलास म्हणजे नक्कीच घातलंस." शपथ न घेणाऱ्या गवळ्याला ते म्हणायचे, "बघ, शपथ घ्यायची हिंमत नाही." गवळी बदलत गेले, दूध तसंच राहिलं. मी याच घरात वाढले, तेव्हा माणसावर भरवसा ठेवायला मी उशिरा शिकले, आणि खरं सांगायचं तर अजून शिकतेच आहे. आजही माझ्या थाटीपुरच्या फ्लॅटमध्ये कोणी दार वाजवलं की आधी मी साखळीच्या फटीतून त्याचे पाय बघते. चेहरा काय, कोणीही करतो.

ग्वाल्हेरच्या माधवगंजातलं आमचं घर म्हणजे एकामागे एक तीन खोल्या आणि मागे परस. पहिल्या खोलीत आबांची खाट, मधल्या खोलीत देव आणि धान्याचे डबे, शेवटी स्वयंपाकघर. गल्लीच्या तोंडाशी देऊळ होतं, त्याची घंटा, टांग्यांच्या घोड्यांच्या टापा आणि लांबून येणारा गिरणीचा भोंगा, यांच्यावर आमचा दिवस चालायचा. पण मला सगळ्यांत जास्त आठवतो तो बदाम घोटण्याचा आवाज. आई पहाटे दगडी कुंडीत भिजवलेले बदाम घेऊन बसायची, आणि त्या घोटण्याच्या घरघरीतच मला जाग यायची. पैलवानाच्या घरी दुसरं काही नसलं तरी बदाम आणि तूप असायचंच. रविवारी मटणाचा रस्सा, त्यात आई दगडफूल घालायची, आणि तो वास गल्लीत गेला की शेजारच्या सप्रेकाकू खिडकी लावून घ्यायच्या. आई म्हणायची, "लावू दे. फटीतून हुंगून राहिली आहे ती."

आबा संस्थानच्या पलटणीत हवालदार होते आणि पलटणीचे पैलवान होते. पलटणीच्या मैदानात बाहेरच्या पाहुण्यांसमोर त्यांनी एक मोठी कुस्ती मारली होती, आणि मानाचा फेटा मिळवला होता. गावाच्या लष्कर भागातल्या आम्हा मराठ्यांच्या घरांत ती कुस्ती सगळ्यांना तोंडपाठ होती. कोणी पाहुणा आला की त्या कुस्तीचा विषय काढायचा, आणि विषय निघाला की आबा "नळाला पाणी आलं का बघतो" म्हणून उठून जायचे. मला वाटायचं, किती हा विनय. मला त्याचा अभिमानच होता.

मग संस्थान विलीन झालं. झेंडा बदलला, कचेऱ्यांवरच्या पाट्या बदलल्या. आज ऐकावं की राजधानी इथेच राहणार, उद्या ऐकावं की इंदूरला जाणार, परवा कोणी शपथेवर सांगावं की दोन्हीकडे नाही, भलतीकडेच. संस्थानच्या फौजेतले जे धडधाकट होते त्यांना नव्या फौजेत घ्यायचं ठरलं, आणि त्यासाठी तपासणी झाली. आबांचा उजवा गुडघा कुस्त्यांनी खाल्लेला होता, उठताना त्याचा कटकन आवाज यायचा. डॉक्टरने त्यांना उठबस करायला लावली आणि घरी पाठवलं. आबांनी पुढची कितीतरी वर्षं मानलं नाही की गुडघ्यामुळे असं झालं. त्यांच्या मते डॉक्टरला आधीच कोणीतरी सांगून ठेवलं होतं. कोणी, ते दर महिन्याला बदलायचं. त्या काळात सगळं गावच तसं झालं होतं म्हणा. भाव वाढला तरी कोणीतरी मुद्दाम वाढवलेला, आणि उतरला तर त्यातही काही काळंबेरं.

घरी बसल्यावर आबांनी परसात एक आखाडा खणला. लहानसाच, न्हाणीघरापासून तुळशीपर्यंत. माती किला गेटच्या पलीकडून आणवली, चाळली, तिच्यात ताक, तेल, हळद घातली, आणि आता शिष्य येतील म्हणून वाट बघत बसले. एकदोन पोरं आली, त्यांच्यावर आबांनी कोणीतरी पाठवलेले म्हणून संशय घेतला, ती पळाली. मला भाऊ नव्हता. माती रोज उकरावी लागते, नाहीतर दगड होते, ते काम माझ्याकडे आलं. फावड्याने माती उकरता उकरता माझे खांदे भरले, आणि एक दिवस आबा काठावरून म्हणाले, "इंदे, इकडे ये, माझं मनगट धर बरं." मी धरलं. त्यांनी सोडवून बघितलं, पुन्हा धरायला लावलं. दुसऱ्या दिवसापासून मी आईच्या जुन्या लुगड्याचा काचा मारून मातीत उतरले. शाळेतून आले की टांग, ढाक, मानेवरचा कस, एकेक डाव. माझ्या बरोबरीच्या मुली तेव्हा क्रोशाचे रुमाल विणत होत्या.

आई रागावायची. "अहो, ऐकून राहिलात का? हिला उद्या कोण करून घेणार?" आबा म्हणायचे, "जो येईल त्याचा दम बघून घेऊ." आई म्हणायची, "म्हणजे जावई काय मातीतून निवडणार का?" पण तिने बदामाची कुंडी कधी थांबवली नाही. उलट वाटे दोनाचे तीन झाले.

आबांचा एक नियम मात्र दगडावरची रेघ होता. दोघांनी आधीच ठरवून केलेल्या कुस्तीला आमच्याकडे मिली कुस्ती म्हणत. आबांपुढे तो शब्दही काढायची सोय नव्हती. एकदा किला गेटच्या दंगलीत, म्हणजे कुस्त्यांच्या फडात, दोघा नामांकित पैलवानांची कुस्ती चाललेली असताना आबा मधेच उठले, मातीकडे पाठ केली आणि चालू लागले. पाठोपाठ निम्मी माणसं उठली. आबा उठले म्हणजे कुस्ती खोटी, एवढी त्यांच्या डोळ्याची पत होती. त्या दोघांची नावं आमच्या घरात पुन्हा निघाली नाहीत. मला म्हणाले होते, "मातीत खोटं पडणारा माणूस घरात पण खोटंच बोलणार. माझ्या घरात असं कोणी निघालं तर मी त्याचं तोंड बघणार नाही." हे मी पक्कं लक्षात ठेवलं होतं.

त्या हिवाळ्यात मेळ्यात जनाना दंगलची, म्हणजे बायकांच्या कुस्त्यांची, पार्टी आली. मेळा म्हणजे आमच्या गावचा मेळा, तो काय ते बाहेरच्याला सांगून कळत नाही. गालिचे, घोडे, परातीएवढे पापड, तिळाची गजक, आणि रात्रंदिवस भोंगे. त्यात यंदा एक नवा तंबू, आणि गावभर पोस्टर: लाल जर्सीतली एक बाई दंड फुगवून उभी, नाव तुफानबाई, आणि खाली मोठ्या अक्षरांत, 'है कोई ग्वालियर की बेटी?' नळावर दुसरा विषय नव्हता. सप्रेकाकूंच्या मते ती बाई नव्हतीच, पुरुष होता, पहाटे दाढी करताना कोणीतरी बघितलं होतं. कोणी बघितलं, असं विचारलं की म्हणायच्या, "नाव कशाला घ्यायचं?" आबा दोन दिवस त्या पोस्टरवरून जात येत राहिले. तिसऱ्या दिवशी जेवताना भाकरी मोडता मोडता म्हणाले, "सगळं तर यांनी घेतलं. आता येऊन हे पण विचारून राहिले की इथे कोणी आहे का." आणि हात धुऊन थेट मेळ्यात गेले. पार्टीचा मालक चौबे मास्टर म्हणून होता, त्याला सांगून आले की माझी मुलगी उभी राहील.

मास्टर लगेच हो म्हणाला, ते मला खटकलं. कोण मुलगी, किती वजन, काही विचारलं नाही. त्याने आबांना खुर्ची दिली, चहा दिला आणि पायाला हात लावला. घरी आल्यावर आबा खूश होते, आणि आबा खूश असले की मला जास्त भीती वाटायची. मी आईला म्हटलं, "यात काहीतरी आहे." आई म्हणाली, "तू तर वरणात पण बघतेस काहीतरी आहे म्हणून."

दुसऱ्या दिवशी दुपारी, आबा माती आणायला गेलेले असताना, तुफानबाई स्वतः आमच्या घरी आली. जर्सीचं माप घ्यायला आले म्हणाली. उंच, सावळी, आग्र्याकडची, डोक्यावरून पदर, आणि आवाज इतका मऊ की मी मागे दुसरं कोणी आहे का बघितलं. तिचं खरं नाव केसर. आई दारात आडवी उभी होती, सप्रेकाकूंची दाढी तिच्या डोक्यात असणार. केसर तिच्या जवळ गेली आणि हळूच म्हणाली, "अम्मा, कोई पुरानी मुलायम धोती हो तो दे दो. तंबू में सब मरद हैं, किससे माँगूँ." आईने तिच्याकडे नीट बघितलं, आत गेली, आपलं धुवून घडी केलेलं जुनं लुगडं आणून दिलं आणि तिला न्हाणीघर दाखवलं. आईचा संशय तिथल्या तिथे फिटला. नंतर तिने केसरला गुळाचा चहा करून दिला आणि पोटाला शेकायला गरम पाण्याची बाटलीही. त्या दिवसापासून आई तिच्या बाजूची झाली, आणि आमच्या घरात हे फार मोठं होतं.

मग मधल्या खोलीत केसरने मला समोर बसवलं आणि म्हणाली, हात पकड. आम्ही दोघींनी पंजा लढवला, खांद्याला खांदा लावला. तिचा डावा खांदा निकामी होता, मला क्षणात कळलं. मला कळलं हे तिलाही कळलं. ती हसली. "गिरा सकती है तू मुझे," ती म्हणाली. "सच्ची में गिरा देगी. फिर?" मग तिने सांगितलं. मी तिला पाडलं तर गावात माझी मिरवणूक निघेल, संध्याकाळपर्यंत. मग तिची पार्टी मोडेल, आणि मी परत परसात माती उकरत बसेन, माझ्याशी लढायला कोण येणार आहे? पण तिसऱ्या फेरीत मी पडले, चांगली झुंजून पडले, तर पार्टी मला घेऊन जाईल. कानपूर, लखनौ, पार कलकत्ता. तिला जोडीदार हवी होती. जी आधीची होती ती लग्न करून गेली होती. "तेरे बाप को मत बताना," ती म्हणाली, "वो सच्चे आदमी हैं, मास्टर डरता है उनसे."

तिने मला खूण शिकवली. सुरुवातीला सलामीला हात मिळवतात, तेव्हा जी पडणार आहे तिने आपला अंगठा दुसरीच्या मुठीत द्यायचा. दिला, म्हणजे बोली कायम. नाही दिला, म्हणजे बोली मोडली, आता खरी कुस्ती, ज्याने त्याने आपली हाडं सांभाळावीत. मी विचारलं, "एकदा ठरलं तर ठरलं, परत खूण कशाला?" केसर म्हणाली, "बिटिया, इस धंधे में रात का वादा सुबह तक नहीं चलता." म्हणजे तिथेही आमच्या घरासारखंच होतं तर. मला का कोण जाणे, त्या धंद्याबद्दल एकदम आपलेपणा वाटला.

माझ्या चुलत भाचीची मुलगी हल्ली फोनवर परदेशातल्या बायकांच्या कुस्त्या बघते. चमचमते कपडे, धूर, आरडाओरडा. मला विचारते, "आज्जी, हे सगळं फेक असतं ना? पहले से सेट असतं?" मी तिला म्हणते, आपटलं की लागतं ते फेक नसतं. तिला ते पटत नाही, ती माझ्याकडे संशयाने बघते, आणि मला बरं वाटतं. चला, घराणं पुढे चाललं आहे.

कुस्तीपर्यंतचे दिवस मी कसे काढले ते माझं मला माहीत. मला जायचं होतं. अगदी पोटातून जायचं होतं. मातीत उतरलं की मला माझं अंग माझं वाटायचं, बाकी वेळ ते मोठं आणि अडचणीचं, दारात मावेना असं वाटायचं. त्या वयात जगात एकच जागा अशी दिसत होती की जिथे असल्या अंगाची बाई चालेल, आणि त्या जागेचं दार खोटं पडून उघडत होतं. आणि खोटं पडले तर आबा तोंड बघणार नव्हते. इकडे आबा रोज मला नवा डाव शिकवत होते. तिचा खांदा कसा आहे ते त्यांना ठाऊक नव्हतं, तरी म्हणायचे, "उंच बाई आहे, डावीकडून घुस, तिकडे ती ढिली असणार." मी दचकायचे. कधी संध्याकाळी म्हणायचे, "ती मापं घ्यायला आली होती म्हणे. मापाला इतका वेळ लागतो?" मी म्हणायचे, "आईशी बोलत बसली होती." आबा माझ्याकडे बघायचे. मग बदामाची वाटी पुढे सरकवायचे. त्यांना काही कळलं आहे की नाही, हे मी त्यांच्या चालण्यावरून, खोकल्यावरून, पाणी पिण्यावरून ताडत बसायचे. आणि ते बहुधा माझ्या.

कुस्ती दुपारी उन्हाची होती. तंबू फुलून गेला होता. पुढच्या खुर्च्यांवर आमची फेटेवाली मंडळी, पलटणीतले जुने लोक, बायकांसाठी कनात लावलेली त्यात आई आणि, हो, सप्रेकाकूसुद्धा. दुसऱ्या बाजूला थाटीपुरच्या नव्या क्वार्टरांतले कचेरीवाले, कोट घातलेले. दोन्हीकडचे एकमेकांकडे बघत नव्हते. मला मास्टरने दिलेली निळी जर्सी काखेत काचत होती. आबांनी माझ्या कमरेची पट्टी आवळली आणि कानाशी म्हणाले, "घाबरून नको राहू. हरलीस तरी चालेल. पण खरी लढ." हे त्यांनी का म्हणावं? मी त्यांच्याकडे वळून बघितलं तर ते पट्टीच्या गाठीकडे बघत होते.

मी मातीत गेले तेव्हासुद्धा माझं ठरलं नव्हतं. भोंग्यात माझं नाव पुकारलं, "ग्वालियर की बेटी!" आणि असा काही गलका उठला की मला माझंच पाऊल ऐकू येईना. केसर समोर आली. लाल जर्सीत ती पोस्टरपेक्षा थकलेली दिसत होती. तिने हात पुढे केला. मी केला. तिचा पंजा उघडा होता, वाट बघत होता, आणि तिच्या डोळ्यांत मला जे दिसलं ते भीती होती, अगदी माझ्यासारखी. मी अंगठा दिला. तिने मूठ मिटली, हलकेच, जणू काही झालंच नाही. आणि मी सवयीने आमच्या कोपऱ्याकडे बघितलं. आबा माझ्या तोंडाकडे बघत नव्हते. ते माझ्या हाताकडे बघत होते.

त्यानंतर ते खाली बसले. दर दंगलीत काठावर उभे राहून ओरडून घसा बसवणारा हा माणूस, स्वतःच्या मुलीच्या कुस्तीत एक शब्द बोलला नाही. पहिल्या फेरीत मी तिला दोनदा उचललं, लोक वेडे झाले. दुसऱ्या फेरीत तिने माझ्यावर चढाई केली. प्रत्येक वेळी मी वळले की आबा तसेच, गुडघ्यावर हात, दगडासारखे. मला वाटत होतं ते आता उठतील. पाठ फिरवून चालू लागतील, जसे किला गेटला गेले होते, आणि त्यांच्यामागे सगळी फेटेवाली मंडळी उठेल, आणि मी त्या निळ्या जर्सीत कुठे जाऊ? तिसऱ्या फेरीत केसरने मला टांग लावली. मी गेले. पाठ मातीला लागली, घंटा झाली.

मग आमच्याच लोकांतून कोणीतरी ओरडला, "मिली है!" लगेच चहूकडून तेच सुरू झालं. कोणी खुर्ची ढकलली, कोणी पैसे परत मागायला लागला, कोटवाले हसायला लागले. चौबे मास्टर भोंगा हातात घेऊन नुसताच उभा. केसरने माझं मनगट पकडून मला उठवलं आणि आम्ही दोघी तिथेच, एकमेकींना धरून. आणि मग आबा उठले. मला वाटलं, झालं. ते पाठ फिरवणार म्हणून मी डोळे खाली घातले. पण ते लंगडत थेट मातीत आले. त्यांनी हात वर केला, आणि लोक गप्प झाले, कारण कुस्ती खरी का खोटी ते लष्कर भागात याच माणसाच्या तोंडून ऐकायची सवय होती.

"माझी मुलगी आहे ही," आबा म्हणाले. "मी शिकवलेली आहे. आज हरली. खरी हरली. मी सांगतो आहे." एवढंच. मग तेच हिंदीत म्हणाले, कोटवाल्यांसाठी. एकदोघांनी टाळ्या वाजवल्या, मग सगळ्यांनी. आबांनी केसरच्या डोक्यावर हात ठेवला, आणि माझ्याकडे न बघता बाहेर गेले.

टांग्यातून येताना आई मधे बसली होती. ती गजक चावत होती, मुद्दाम आवाज करून, कारण दुसरा आवाजच नव्हता. मला वाटत होतं आबांनी चारचौघांत माझी लाज राखली, आता घरी तोंड बघणार नाहीत. घरी गेल्यावर त्यांनी कपडे बदलले आणि परसात जाऊन मातीच्या काठावर बसले. ऊन भिंतीवर चढलं होतं. मी लांबच उभी राहिले. शेवटी तेच बोलले.

"अंगठ्याची खूण तुला कोणी शिकवली?"

"केसरने."

"हं. आमच्यात पण अंगठाच होता."

मला आधी समजलंच नाही. मग समजलं. ते सांगत गेले, मातीकडे बघत. ती मोठी कुस्ती, पाहुण्यांसमोरची, फेट्याची. आदल्या दिवशी पलटणीच्या कप्तानाने त्यांना बोलावून सांगितलं होतं की समोरचा अंगठा देईल, तू फक्त घाई करू नको. समोरचा त्यांच्यापेक्षा तरुण होता, ताकदीचा होता. त्याने अंगठा दिला. "मी घेतला," आबा म्हणाले. "काय करणार होतो? नोकरी होती. पण मग सांग, तो खरा लढला असता तर मी जिंकलो असतो का? आजपर्यंत पता नाही मला. रोज विचार करतो. फेटा बांधला, लोक पाया पडले, आणि मी प्रत्येकाच्या तोंडाकडे बघून राहिलो की याला माहीत आहे का."

मी लहानपणापासून ज्या माणसाला दुधात बोट बुडवताना बघत आले होते, तो माणूस त्या दिवशी मला पहिल्यांदा दिसला. मला रडू आलं. रागही आला, ते खोटं कशाला सांगू. किला गेटच्या त्या दोन पैलवानांची मला दया आली. आणि या सगळ्याच्या वर, मला त्यांना जवळ घ्यावंसं वाटलं, पण आमच्या घरात तशी रीत नव्हती.

"तू पाडली असतीस तिला," आबा म्हणाले. "पहिल्याच फेरीत. मी बघितलं आहे. मी सांगतो आहे. तू कधी त्याचा विचार करत बसायचं नाही."

मी म्हटलं, "आबा, मी जाऊ का त्यांच्याबरोबर?"

ते उठले. गुडघा वाजला. "पडताना डोळे मिटलेस," ते म्हणाले. "लोकांनी तिथेच ओळखलं. ज्याला ठाऊक असतं तो डोळे मिटतो. माझ्या समोरच्यानेपण मिटले होते, मी वर होतो, मीच बघितले. ज्याला खरंच पाडलेलं असतं त्याचे डोळे सताड उघडे राहतात, तो शोधून राहिला असतो की हे झालं काय. ये. आणि मान आत घेत जा, नाहीतर एक दिवस मोडून घेशील."

त्यांनी मला टांग लावली. मी पडले. "मिटलेस," ते म्हणाले. पुन्हा लावली. दिवेलागण झाली, आईने आतून दोनदा जेवायला हाक मारली, मग दारात येऊन उभी राहिली आणि बघत राहिली. पाठीला माती, केसांत माती, आणि वर भिंतींमधला आभाळाचा तुकडा. होता होता माझे डोळे उघडे राहायला लागले.

मेळा उठला तेव्हा मी पार्टीबरोबर गेले. पुढे कितीतरी वर्षं, कितीतरी गावांत मी पडले, आणि जिंकलेही, जसं ठरेल तसं. पुन्हा कोणी ओरडलं नाही. सुटीत घरी आले की गल्लीतले लोक विचारायचे, किती मारल्या, किती हरल्या. आबांनी ते कधी विचारलं नाही. मी दारात आले की ते माझी पेटी खाली ठेवायचे, मला उजेडाकडे वळवायचे आणि दोन्ही हातांनी माझी मान चाचपून बघायचे.